एडवर्ड टेलरच्या कवितांमागचं भांडण

एडवर्ड टेलर हा सतराव्या शतकात इंग्लंडहून अमेरिकेत आलेला पाद्री आणि कवी. त्याच्या कविता कळायच्या असतील तर आधी एक भांडण माहीत असायला हवं, कारण त्या कविता सुट्या वाचल्या की नुसत्या भक्तीच्या वाटतात आणि खरी गंमत हातातून निसटते.

टेलर मूळचा इंग्लंडमधल्या लेस्टरशायरचा, जन्म 1642 च्या आसपासचा. प्युरिटन, म्हणजे इंग्लंडच्या राजमान्य चर्चमध्ये कडक सुधारणा मागणाऱ्या पंथाच्या घरातला, आणि 1662 च्या कायद्याने जी अँग्लिकन, म्हणजे त्याच राजमान्य चर्चची शपथ मागितली ती घ्यायला त्याने साफ नकार दिला, मग तिथे ना शिक्षकी करता येणार ना पाद्री होता येणार. म्हणून 1668 ला बोस्टनचं जहाज. हार्वर्डला त्याचा रूममेट होता सॅम्युअल स्यूअल, जो पुढे सेलमच्या चेटकिणींच्या खटल्यात न्यायाधीश होता आणि नंतर ज्याने त्याबद्दल जाहीर माफीही मागितली. 1671 ला डिग्री मिळाली आणि त्याच हिवाळ्यात बर्फ तुडवत टेलर मॅसॅच्युसेट्सच्या पश्चिम सीमेवरच्या वेस्टफील्ड गावी गेला तो कायमचाच. तिथे तो पाद्री पण होता आणि गावचा डॉक्टर पण.

आता भांडण. जवळच्याच नॉर्थम्प्टनमध्ये सॉलोमन स्टॉडर्ड नावाचा वजनदार पाद्री होता. त्याचं म्हणणं असं की प्रभुभोजनाला, म्हणजे येशूच्या आठवणीत चर्चमध्ये भाकरी आणि द्राक्षारस घेण्याच्या विधीला, सगळ्या सदाचारी माणसांना येऊ द्या, देवाच्या कृपेने मन बदलल्याचा अनुभव आधी सिद्ध करायची गरज नाही, भोजनातूनच मन बदलेल. टेलरला हे अजिबात पटेना. त्याने 1693-94 मध्ये याच विषयावर आठ प्रवचनं दिली, आधार घेतला बायबलमधल्या मत्तयाच्या शुभवर्तमानातल्या दाखल्याचा, त्यात लग्नाच्या मेजवानीला योग्य वस्त्र न घालता आलेल्या पाहुण्याला बाहेर काढतात. म्हणजे पंगतीला बसायचं तर आधी आत्म्याचं वस्त्र तयार पाहिजे.

आणि हा नियम त्याने आधी स्वतःला लावला, मला तो माणूस आवडतो तो इथेच. 1682 ते 1725 एवढा काळ तो प्रभुभोजनाच्या तयारीसाठी एकेक कविता लिहीत राहिला, दोनशेच्या वर झाल्या. छापण्यासाठी नाही, स्वतःचं मन तपासायला. त्याच्या चरख्याच्या प्रसिद्ध कवितेत तो देवाला म्हणतो मला तुझा चरखा कर, मग माग कर, सूत काढ, कापड विण, ते धुऊन घट्ट कर, स्वर्गाच्या रंगात रंगव आणि त्यानेच माझी बुद्धी, इच्छा, स्मृती, शब्द, कृती सगळं झाकून टाक. ही कविता त्या मालिकेतली नाही, पण लग्नाच्या वस्त्राची प्रवचनं शेजारी ठेवली की हे कापड कशासाठी विणायचंय ते लख्ख दिसतं.

त्याची पहिली बायको एलिझाबेथ फिच, आठ मुलं झाली, त्यातली पाच लहानपणीच गेली. लग्न आणि मुलांच्या मृत्यूवरच्या कवितेत तो एका लेकीचा सहा आठवड्यांचा ताप, उलट्या, किंकाळ्या, कण्हणं सगळं काहीही न लपवता सांगतो आणि मग मूल देवाच्या हाती सोपवतो. त्या दोन ओळी वाचून मला पुढे लगेच जाता येत नाही. याच कवितेतली दोन कडवी बोस्टनचा पाद्री कॉटन मॅदर याने 1689 मध्ये आपल्या एका पुस्तकात छापली, टेलरच्या हयातीत छापलेली त्याची कविता म्हणजे एवढीच.

1729 मध्ये स्टॉडर्ड गेला आणि काही महिन्यांनी टेलरही. वह्या नातवाकडे गेल्या, हा नातू म्हणजे येलचा पुढचा अध्यक्ष एझ्रा स्टाइल्स, आणि तिथून त्या येलच्या लायब्ररीत पडून राहिल्या, त्या 1937 ला थॉमस जॉन्सन या अभ्यासकाच्या हाती लागेपर्यंत. 1939 ला निवडक कविता पुस्तकरूपात आल्या, प्रभुभोजनाच्या तयारीच्या त्या मननाच्या कविता पूर्ण यायला 1960 उजाडलं आणि ती आठ प्रवचनं तर त्याच्याही नंतर, 1966 मध्ये छापली गेली. आधीच्या बऱ्याच वाचकांनी त्याला नुसता इंग्रज कवी जॉन डनच्या वळणाचा कवी म्हणून वाचलं ते त्यामुळेच, प्रवचनं त्यांच्यासमोर नव्हतीच.