एकवीस दिवसांत दोन विमानं

१९६९ म्हटलं की चंद्र आठवतो. आठवावाच. पण त्या जुलैच्या धामधुमीत त्याच वर्षातली, पृथ्वीपासून फार दूर न गेलेली एक गोष्ट झाकली गेली. ९ फेब्रुवारीला अमेरिकेत, सिॲटलजवळच्या एव्हरेटहून बोइंग ७४७ पहिल्यांदा उडालं. बरोबर एकवीस दिवसांनी, २ मार्चला, फ्रान्समधल्या तुलूझहून ध्वनीपेक्षा वेगानं जाण्यासाठी बांधलेलं कॉन्कॉर्ड उडालं. प्रवासी विमानानं पुढे व्हायचं तरी काय, या एकाच प्रश्नाची ही दोन उत्तरं. एक म्हणत होतं, जास्त माणसं न्या. दुसरं म्हणत होतं, लवकर न्या.

जाणकारांचा कौल तेव्हा दुसऱ्या उत्तराकडे होता. गंमत अशी, की ७४७ बांधणाऱ्यांनाही तसंच वाटत होतं. मुख्य अभियंता जो सटर आणि त्यांचे सहकारी धरून चालले होते, की ध्वनीपेक्षा वेगवान विमानं आली की आपलं हे धूड मालवाहतुकीला लागणार. म्हणून नाक वर उचलून समोरूनच मोठी खोकी आत सरकवता यावीत, अशी सोय आधीच योजून ठेवली. वैमानिकांची खोली मधे येऊ नये म्हणून ती वरच्या मजल्यावर नेली. लांबूनही ओळखू येणारं ७४७ चं ते कुबड असं जन्माला आलं.

कॉन्कॉर्डची अडचण मुळातली होती. विमान पुढे सरकतं तेव्हा समोरच्या हवेला दाबाच्या लहरींतून ‘बाजूला हो’ असा निरोप जातो. निरोपाचा वेग ध्वनीइतका. विमानच त्याहून वेगानं आलं, तर हवेला काही कळायच्या आत ते तिच्यावर आदळतं. हवा चेपली जाते आणि होडीच्या नाकापासून फाकत जाणाऱ्या लाटेसारखी आघातलहर तयार होते. ती जमिनीवर पोचली की धडाम्! ‘ध्वनिभिंत’ ओलांडताना एकदाच आवाज होतो, असं अनेकांना वाटतं. तसं नाही. विमान त्या वेगानं जात असेपर्यंत ती लहर त्याच्यामागे ओढणीसारखी घासत येते आणि वाटेतल्या प्रत्येक गावाला आपापला धडाका ऐकावा लागतो.

त्यात उष्णता. ध्वनीच्या दुप्पट वेगात बाहेर शून्याखाली पन्नासेक अंश थंडी असूनही चेपलेल्या हवेमुळे नाकाचं टोक १२७ अंश सेल्सिअसपर्यंत तापायचं. ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूला त्यापुढची उष्णता मानवत नव्हती, म्हणूनच वेगाची मर्यादा तिथे आली. तापून विमान वीतभर लांब व्हायचं, आणि फ्लाइट इंजिनियरच्या पॅनलशेजारी हात जाईल एवढी फट पडायची. उतरून गार झालं की फट बंद! इंजिनांना तर ध्वनीपेक्षा वेगानं येणारी हवा चालतच नाही. म्हणून तोंडाशी हलत्या पट्ट्या बसवून काही मीटरच्या अंतरात हवेचा वेग ध्वनीच्या निम्म्यावर आणला जाई. माझ्या मते त्या विमानातली सगळ्यात देखणी करामत हीच, टोकदार नाक नव्हे. अर्थात मार्चमधलं पहिलं उड्डाण अर्ध्या तासात आटोपलं. ध्वनीचा वेग ओलांडायला १ ऑक्टोबर उजाडला. टीयू-१४४ या सोव्हिएत प्रवासी विमानानं तो मान जूनमध्येच पटकावला होता.

आता ७४७ ची खरी नवलाई. ती कुबडात नाही, इंजिनात आहे. विमान पुढे जातं ते हवा मागे ढकलून. थोडी हवा फार जोरात ढकला, नाहीतर पुष्कळ हवा बेतानं ढकला, रेटा सारखाच मिळू शकतो. रेटा वेगाच्या प्रमाणात वाढतो, ऊर्जा मात्र वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात. हवा दुप्पट घेऊन तिला निम्माच वेग दिला, तर मागे वाया जाणारी ऊर्जा निम्मी होते. होडी वल्हवायला काठी न घेता रुंद वल्हं घेतात, तसंच. ७४७ च्या जेटी९डी इंजिनाच्या तोंडाशी सव्वादोन मीटरहून मोठा पंखा होता. त्यानं ओढलेल्या हवेचा एक वाटा आत जाळात जाई, तर सुमारे पाच वाटे बाहेरूनच मागे फेकले जात.

पण हे वल्हं कच्चं होतं. जोर लावला की इंजिनाचं कवच गोल न राहता किंचित अंडाकृती व्हायचं, पाती घासायची, इंधन जास्त जायचं. सुधारलेली इंजिनं वेळेवर येईनात. एव्हरेटला तयार विमानं ओळीनं उभी, आणि तोल राहावा म्हणून पंखांना इंजिनांऐवजी सिमेंटचे ठोकळे टांगलेले!

एअर इंडियानं दोन्हीकडे हात ठेवला होता. कॉन्कॉर्डसाठी दोन विमानांची नोंदणी होती, ७४७ ची मागणीही होती. मुंबई-लंडन वाट बहुतांश जमिनीवरून जाते, मग तो धडाका कुणाच्या डोक्यावर टाकायचा? कॉन्कॉर्ड एअर इंडियात आलंच नाही. १९७१ मध्ये मुंबईत आलं ते ‘एम्परर अशोक’, खिडक्यांभोवती झरोके रंगवलेलं ७४७.

१९६९ मध्येच, २९ मे रोजी पॅरिसच्या विमान प्रदर्शनात आणखी एक घटना घडली, फारसा गाजावाजा न होता. फ्रान्स आणि पश्चिम जर्मनीच्या मंत्र्यांनी एअरबस ए३०० च्या करारावर सह्या केल्या. विमान तेव्हा फक्त कागदावर होतं: रुंद पोट, तसलीच मोठ्या पंख्याची इंजिनं, पण चाराऐवजी दोनच. इंडियन एअरलाइन्सनं ते १९७६ मध्ये घेतलं. पुढे इंजिनं इतकी भरवशाची झाली, की १९८५ पासून दोन इंजिनांची विमानंही अटलांटिक ओलांडू लागली. मग चार इंजिनांचं इंधन आणि देखभाल कोण पोसणार?

कॉन्कॉर्ड २००३ मध्ये थांबलं. ७४७ चं शेवटचं, १५७४ वं विमान २०२३ मध्ये कारखान्यातून गेलं. एप्रिल २०२४ मध्ये एअर इंडियाचं एक जुनं ७४७ मुंबईहून कायमचं निघालं. धावपट्टी सोडल्यावर वैमानिकानं ते एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे कलवलं आणि अमेरिकेची वाट धरली.