तुकड्याचा रिपोर्ट आणि डॉक्टरांची तपासणी : दोन्ही सोबत का लागतात
(आमच्या लॅबमध्ये बायोप्सीसाठी येणाऱ्या पेशंट आणि घरच्यांसाठी)

तुकड्याचा (बायोप्सीचा) रिपोर्ट हातात पडला की बरेच जण शेवटच्या ओळीवर बोट ठेवून विचारतात, ‘हे काय लिहिलं आहे जी?’ ती ओळ असते, ‘क्लिनिकल कोरिलेशन आवश्यक’. कुणाला वाटतं लॅबला काही सापडलंच नाही. कुणाला वाटतं, उद्या अंगाशी येऊ नये म्हणून लिहून ठेवलं. तसं नाही. मायक्रोस्कोपखाली जे दिसलं, ते तुमच्या अंगावरच्या लक्षणांशी डॉक्टरांनी ताडून पाहावं आणि मगच निदान पक्कं करावं, असा त्या ओळीचा अर्थ आहे. आम्ही ती मनापासून लिहितो.

कातडीचा तुकडा साधारण चार मिलिमीटरचा असतो. तो मेणात बसवून (या मेणाच्या ठोकळ्याला ब्लॉक म्हणतात) त्याचे तीन ते पाच मायक्रॉन (मिलिमीटरचा हजारावा भाग म्हणजे एक मायक्रॉन) जाडीचे काप काढतात, काचेच्या स्लाइडवर घेऊन रंग देतात आणि पाहतात. त्या कापात पेशी स्पष्ट दिसतात, पण माणूस दिसत नाही. वय, चट्टा किती दिवसांचा, तो बधिर आहे की खाजतो, आधी कोणतं औषध झालं, यातलं काहीच काचेवर उमटत नाही. शिवाय रोगाला उत्तर देण्याच्या शरीराच्या तऱ्हा मोजक्याच आहेत, त्यामुळे वेगवेगळे रोग मायक्रोस्कोपखाली सारखे दिसू शकतात.

बधिर चट्टा

बधिर चट्टा कुष्ठरोगाचा असू शकतो, म्हणून आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या पट्ट्यात हे सगळ्यात जास्त समजून घ्यायला हवं. समजा, हातावर फिक्कट चट्टा आहे आणि चिठ्ठीवर फक्त ‘स्किन बायोप्सी’ एवढंच लिहून आलं. घामाच्या ग्रंथींभोवती आणि एका बारीक नसेजवळ (नस म्हणजे इथे मज्जातंतू, रक्तवाहिनी नाही) थोड्या लिम्फोसाइट (एक प्रकारच्या पांढऱ्या) पेशी जमलेल्या दिसतात, बाकी काही नाही. असं चित्र कितीतरी साध्या त्वचारोगांतही असतं. मग ‘ठरावीक रोगाची खूण नसलेली सूज’ यापुढे आम्हाला लिहिता येत नाही.

आता त्याच चिठ्ठीवर डॉक्टरांनी दोन गोष्टी जास्त लिहिल्या : चट्ट्यावर कापूस फिरवला तर कळत नाही, आणि कोपरामागची नस जाड लागते. काचेवरचं चित्र तेच, पण आमचं काम तिथे थांबत नाही. त्याच ब्लॉकचे आणखी खोल काप घेतो, कुष्ठाच्या जंतूंसाठीचा फाइट-फराको स्टेन (खास रंग) लावतो आणि नसेच्या धाग्यात लाल काड्यांसारखे जंतू शोधत बसतो. सुरुवातीच्या कुष्ठरोगात जंतू फार थोडे असतात, कधी एकही सापडत नाही. म्हणून चट्टा बधिर असेल आणि नस जाड असेल, तर ‘जंतू दिसले नाहीत’ या आमच्या ओळीवर विसंबून घरी बसू नका.

उलटही होतं. ग्रॅन्युलोमा नावाचे पेशींचे पुंजके दिसले म्हणजे कुष्ठरोगच, असं नाही. ते कातडीच्या टीबीत, सार्कॉइड नावाच्या आजारात, काही बुरशींच्या रोगांतही असतात. पुंजक्याने नस पोखरलेली दिसली तर वजन कुष्ठरोगाकडे जातं. कुष्ठरोगाचे प्रकार पाडणारी रिडली-जॉपलिंग पद्धत 1966 सालची आहे. तीसुद्धा तुकड्यासोबत अंगावरची लक्षणं, जंतूंचं प्रमाण आणि शरीराची प्रतिकारशक्ती, हे सगळं धरूनच बनली.

या नावाचं ओझं गावात अजून आहे, हे आम्ही जाणतो. वरोऱ्याजवळ आनंदवन 1949 पासून उभं आहे, 2019 च्या कायद्याने कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारणही राहिलं नाही, तरी लोक कुजबुजतात. म्हणूनच घाईने शिक्का मारणं आम्हाला पटत नाही, आणि रोग आमच्या नजरेतून सुटून जाऊन बोटं वाकडी होणं तर त्याहून पटत नाही. रिपोर्ट आम्ही पेशंटच्याच हातात देतो, काउंटरवर मोठ्याने वाचत नाही. कुष्ठरोगाच्या गोळ्या प्राथमिक आरोग्य केंद्रात मोफत मिळतात.

तोंडातली जखम आणि खर्रा

खर्रा (सुपारी-तंबाखूचं मिश्रण) खाणाऱ्यांचं तोंड हळूहळू उघडेनासं होतं. तुकड्यात आम्हाला अस्तराखालचा घट्ट झालेला थर दिसतो, पेशी बिघडू लागल्यात का तेही दिसतं. पण तोंड किती बोटं उघडतं, तिखट लागलं की जळजळतं का, हे डॉक्टरच पाहतात.

इथे एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. जखमेची कड टणक आहे, ती दोन-तीन आठवड्यांत भरत नाही, मानेत गाठ लागते, आणि रिपोर्टमध्ये ‘कॅन्सर दिसला नाही’ असं आलं, तर त्याचा अर्थ ‘या तुकड्यात दिसला नाही’ एवढाच. तुकडा वरवरचा निघाला असेल, मेलेल्या भागातून आला असेल. डॉक्टर परत तुकडा काढू म्हणाले तर चिडू नका. त्यांचा संशय बरोबर असू शकतो, आणि धान कापणी होईपर्यंत थांबण्यासारखं हे प्रकरण नसतं.

हाडाचा तुकडा

एक्स-रे बघितल्याशिवाय हाडाच्या गाठीचा अंतिम रिपोर्ट आम्ही देत नाही. जुळून येणाऱ्या मोडलेल्या हाडात नवीन हाड इतक्या वेगाने तयार होतं, की निव्वळ तुकडा पाहिला तर हाडाच्या कॅन्सरचा भास होऊ शकतो. एक्स-रेची फिल्म सोबत आणा, मोबाइलमधला अंधुक फोटो पुरत नाही.

येताना काय सांगाल, काय आणाल

डॉक्टरांची चिठ्ठी आणि जुनी फाइल आणा. चट्ट्याचा तुकडा काढण्याआधीचा उजेडात घेतलेला फोटो असेल तर फार उपयोग होतो. मेडिकलमधून आणून लावलेली ट्यूब असेल तर तीच घेऊन या, रिकामी असली तरी चालेल. तिच्यात स्टेरॉइड असेल तर गजकर्णसुद्धा ओळखू न येण्याइतकं बदलतं आणि तुकड्यातली सूजही दबते. टीबीच्या किंवा कुष्ठरोगाच्या गोळ्या सुरू असतील तर लपवू नका, त्यांनी काचेवरचं चित्र बदलतं. गर्भपिशवीच्या तुकड्यासाठी शेवटच्या पाळीची तारीख आणि हार्मोनच्या गोळ्या चालू आहेत का, एवढं बाईंनी सांगावं. आमच्याकडच्या ताई आत बसवून विचारतील.

तुकडा दुसरीकडे काढला असेल तर तो फॉर्मेलिनमध्येच (तुकडा खराब होऊ न देणाऱ्या द्रवात) हवा, रुंद तोंडाच्या डबीत, तुकड्याच्या निदान दहापट फॉर्मेलिन घालून. सलाइनमध्ये किंवा साध्या पाण्यात ठेवलेला तुकडा मे महिन्यातल्या आपल्या उन्हात एसटीने इथवर येईपर्यंत खराब होतो, मग कितीही चांगला मायक्रोस्कोप असला तरी उपयोग नाही. डबी घट्ट लावा, लेकरांच्या हाती देऊ नका, फॉर्मेलिन विषारी असतं.

रिपोर्ट मिळाला की आधी तुकडा काढणाऱ्या डॉक्टरांना दाखवा. रिपोर्ट आणि लक्षणं जुळत नाहीत असं त्यांना वाटलं, तर त्यांनी आम्हाला सरळ फोन करावा. स्लाइड परत काढून पाहतो, लागल्यास त्याच ब्लॉकवर पुढचे स्टेन करतो, त्यासाठी पुन्हा तुकडा काढावा लागत नाही. नागपूरला किंवा सेवाग्रामला दुसरं मत घ्यायचं असेल तर स्लाइड आणि ब्लॉक मागून न्या, आम्हाला राग येत नाही. फक्त ब्लॉक मेणाचा असतो. तो गाडीच्या डिक्कीत उन्हात ठेवू नका, पिशवीत घालून जवळ ठेवा.