कॉम्बाही रिव्हर कलेक्टिव्ह

अमेरिकेतील बॉस्टन शहरात १९७४ ते १९८० या काळात कार्यरत असलेला कृष्णवर्णीय स्त्रियांचा स्त्रीवादी गट. १९७३ साली न्यूयॉर्कमध्ये स्थापन झालेल्या एका राष्ट्रीय कृष्णवर्णीय स्त्रीवादी संघटनेची शाखा म्हणून तो सुरू झाला. मात्र मूळ संघटनेची भूमिका पुरेशी मूलगामी नाही असे वाटल्याने शाखेतील स्त्रियांनी लवकरच स्वतंत्र वाट धरली. गटाचे नाव एका जुन्या मोहिमेवरून आले. स्वतः गुलामगिरीतून निसटून पुढे इतरांना सोडवणाऱ्या हॅरिएट टबमन यांच्या मार्गदर्शनाखाली २ जून १८६३ रोजी, यादवी युद्ध सुरू असताना, दक्षिण कॅरोलायनातील कॉम्बाही नदीकाठच्या भातमळ्यांवर छापा घालण्यात आला आणि सातशेहून अधिक गुलामांची सुटका झाली. गटाच्या एक संस्थापक बार्बरा स्मिथ यांनी सुचवलेल्या नावात टबमन नाहीत, त्यांची मोहीम आहे. व्यक्तीऐवजी कृतीचे स्मरण करण्याची ही निवड जाणीवपूर्वक होती.

गटाची ओळख मुख्यतः एप्रिल १९७७ च्या निवेदनामुळे टिकली. बार्बरा, त्यांची जुळी बहीण बेव्हर्ली स्मिथ आणि डेमिटा फ्रेझियर यांनी ते लिहिले. वंश, लिंग, वर्ग आणि लैंगिकता यांवरून होणारे शोषण जगताना सुटे सुटे करता येत नाही, ते एकमेकांत गुंतलेले असते, असे त्यात म्हटले आहे. ‘अस्मितेचे राजकारण’ हा शब्दप्रयोगही याच निवेदनामुळे रूढ झाला. मराठीत तो आज बहुधा हिणवण्याच्या सुरात येतो. मुळात त्याचा अर्थ एवढाच होता की, आपल्या मुक्तीचा विचार आपल्या स्वतःच्या दुःखापासून सुरू करावा. त्यात फुटीरपणा नव्हता. कृष्णवर्णीय पुरुषांच्या लिंगभेदाशी भांडतानाच वंशद्वेषाविरुद्ध त्यांच्या सोबतीने लढायचे, असे या स्त्रियांनी स्पष्ट लिहिले. समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी १९९८ मध्ये दलित स्त्रीवादी भूमिदृष्टी, म्हणजे दलित स्त्रियांच्या जगण्याच्या जागेवरून समाजाकडे पाहण्याची दृष्टी, मांडताना कृष्णवर्णीय स्त्रीवादाशी जो संवाद साधला, त्यामागे हीच वैचारिक परंपरा आहे.

या विचारांची कसोटी १९७९ मध्ये लागली. वर्षाच्या पहिल्या काही महिन्यांत बॉस्टनमध्ये एकामागून एक कृष्णवर्णीय स्त्रियांचे खून झाले. निषेधसभेतील वक्ते त्यांकडे केवळ वांशिक हिंसा म्हणून पाहत होते आणि स्त्रियांनी घराबाहेर पडू नये असे सुचवत होते. गटाने काढलेल्या पत्रकात, या स्त्रिया कृष्णवर्णीय म्हणून आणि स्त्रिया म्हणूनही मारल्या गेल्या, असे ठणकावून सांगितले आणि स्वसंरक्षणाची माहितीही दिली. ‘सहा कृष्णवर्णीय स्त्रिया : त्या का मेल्या?’ असे त्याचे शीर्षक होते. खून थांबले नाहीत, तसा ‘सहा’ हा आकडा खोडून पुढचा आकडा घालावा लागला. अखेरीस तो अकरावर गेला.

१९७७ पासून गटाने भरवलेल्या निवासी बैठकांना ऑड्री लॉर्ड यांच्यासारख्या लेखिका येत. तेथील स्नेहातून आणि वादांतून पुढील लेखनाला बळ मिळाले. लॉर्ड व बार्बरा स्मिथ यांनी १९८० मध्ये ‘किचन टेबल’ ही प्रकाशनसंस्था उभारण्यात पुढाकार घेतला आणि याच संस्थेने १९८६ मध्ये हे निवेदन स्वतंत्र पुस्तिकेच्या रूपात छापले.