न्यूयॉर्कचं रान जपानशी का जुळतं?

अमेरिकेच्या पूर्व भागातल्या रानांचं सर्वात जवळचं नातं कुठल्या रानाशी असेल, असं विचारलं तर बहुतेक जण कॅलिफोर्निया किंवा ओरेगॉन सांगतात. एकच देश, एकच भूखंड, मग झाडंही तीच असणार, हा त्यामागचा विचार. तो चुकीचा आहे. कॅरोलिनाच्या डोंगरात उभं राहून भोवतालची झाडं ओळखायला लागलं तर त्यांतल्या कितीतरी झाडांचे सख्खे भाऊबंद जपान, कोरिया आणि मध्य चीनमध्ये निघतात. मॅग्नोलिया, म्हणजे आपल्या सोनचाफ्याचा गोतावळा, दोन्हीकडे आहे. ट्युलिप वृक्षाच्या जगात दोनच जाती उरल्या आहेत, एक पूर्व अमेरिकेत आणि दुसरी चीनमध्ये (व्हिएतनामच्या उत्तर टोकालाही थोडी आढळते). मधल्या हजारो किलोमीटरांत, कॅलिफोर्नियात किंवा युरोपात, ट्युलिप वृक्ष रानात कुठेही उगवत नाही.

या कोड्याची पहिली चाहूल एका औषधी मुळामुळे लागली. पिएर जार्तू हे फ्रेंच जेझुइट पाद्री चीनच्या सम्राटासाठी नकाशे काढत ईशान्य चीनमधल्या मांचुरियात फिरत होते. १७०९ मध्ये त्यांनी तिथे जिनसेंगचं रोप पाहिलं. १७११ च्या पत्रात त्याचं वर्णन करताना त्यांनी एक अंदाजही लिहून ठेवला : हे रोप आणखी कुठे उगवत असेल तर ते कॅनडात, कारण तिथली रानं आणि डोंगर इथल्यासारखेच आहेत असं ऐकतो. हे पत्र माँट्रियलजवळ राहणाऱ्या जोसेफ लाफितो या दुसऱ्या जेझुइटाच्या वाचनात आलं. त्यांनी शोध सुरू केला आणि १७१६ मध्ये त्यांना जिनसेंग सापडलं. तिथल्या मोहॉक स्त्रियांना ते रोप आधीपासून चांगलं माहीत होतं, त्या ते औषधात वापरत. ‘शोध लागला’ असं आपण सहज म्हणतो, तेव्हा हे लक्षात ठेवायला हवं. पुढे जिनसेंगचा मोठा व्यापार सुरू झाला. १७८४ मध्ये न्यूयॉर्कहून चीनला गेलेल्या पहिल्या अमेरिकन व्यापारी जहाजातला मुख्य माल जिनसेंगची मुळंच होती.

इथेच एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. जिनसेंगचं मूळ कधीकधी माणसाच्या आकृतीसारखं दिसतं, म्हणून ते माणसाच्या सगळ्या दुखण्यांवर चालतं, ही समजूत फार जुनी आहे. मुळाच्या आकाराचा त्याच्या गुणाशी काहीही संबंध नसतो. आपल्याकडे अश्वगंधा ‘भारतीय जिनसेंग’ म्हणून विकली जाते. अश्वगंधा वांग्या-बटाट्याच्या कुळातली, जिनसेंग पूर्णपणे वेगळ्या कुळातलं. वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने हे नातं शून्य आहे, ते फक्त डबीवरच्या लेबलात आहे. दुसरीकडे, अमेरिकेतल्या रानटी जिनसेंगची इतकी बेसुमार खोदाई झाली की १९७५ पासून त्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर कायद्याची नजर आहे.

आता ज्या रोपासाठी हा लेख लिहायला घेतला त्याकडे येतो.

१८३९ मध्ये आसा ग्रे हा तरुण अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ युरोपात आला होता. अमेरिकन वनस्पतींचा अभ्यास करायला अमेरिकन माणसाने पॅरिस-लंडन गाठायचं, हे आज विचित्र वाटेल. पण तेव्हा त्याला इलाज नव्हता. अमेरिकेतून आधीच्या शंभर-दीडशे वर्षांत गोळा झालेले, ज्यांच्यावरून जातींना नावं दिली गेली ते मूळ नमुने युरोपातल्या संग्रहांत होते. पॅरिसमध्ये आंद्रे मिशो या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञांनी अमेरिकेत गोळा केलेला संग्रह चाळताना ग्रे यांना एक बेनाव नमुना दिसला. गोलसर, कातरलेल्या कडांची काही पानं आणि एक सुकलेलं बोंड, बस्स. फूल नव्हतं. सोबत फ्रेंचमध्ये टीप होती : कॅरोलिनाचे उंच डोंगर.

फूल नसणं ही तेव्हा मोठी अडचण होती, कारण वर्गीकरण मुख्यतः फुलाच्या रचनेवर चालायचं. तरीही पानांच्या आणि बोंडाच्या ठेवणीवरून ग्रे यांना खात्री वाटली की ही नवी प्रजाती (म्हणजे जवळच्या जातींचा गट) आहे. केंटकीतले वनस्पतिशास्त्रज्ञ चार्ल्स शॉर्ट यांच्या नावावरून त्यांनी आणि त्यांचे सहकारी वनस्पतिशास्त्रज्ञ जॉन टॉरी यांनी १८४२ मध्ये तिला ‘शॉर्टिया’ नाव दिलं. मग शोध सुरू झाला. ग्रे डोंगरात गेले, परत गेले, हात हलवत आले. ज्यांच्या नावाने रोप ओळखलं जातं ते शॉर्ट १८६३ मध्ये वारले. त्यांनी ते जिवंत कधीच पाहिलं नाही.

सापडत का नव्हतं? चिठ्ठीवर ‘उंच डोंगर’ लिहिलेलं, म्हणून शोध उंचावर. शॉर्टिया मात्र वाढते डोंगराच्या पायथ्याशी, ओढ्याकाठच्या ओल्या सावलीत. तिचं घंटेसारखं पांढरं फूल मार्च-एप्रिलमध्ये येऊन जातं आणि शोधणारे जायचे उन्हाळ्यात. तेव्हा नुसती पानं उरलेली असतात आणि त्याच डोंगरांत गालॅक्स नावाच्या रोपाची तशीच पानं जिकडेतिकडे पसरलेली असतात. शिवाय शॉर्टियाचं बी लांब जात नाही, त्यामुळे तिचे ताटवे ठरावीक ओढ्यांपुरतेच. अखेर १८७७ मध्ये नॉर्थ कॅरोलिनात कटॉबा नदीच्या काठी जॉर्ज हायम्स या मुलाला फुललेली शॉर्टिया दिसली. त्याचे वडील औषधी वनस्पती गोळा करण्याचा धंदा करत, पण त्यांनाही हे रोप ओळखता आलं नाही. नमुना हातोहाती फिरत पुढच्या वर्षी ग्रे यांच्याकडे पोचला. तोवर जवळजवळ चाळीस वर्षं गेली होती. मिशो यांची मूळ जागा त्याहून दक्षिणेला, किओवी नदीच्या उगमाकडे होती. ती १८८६ मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ चार्ल्स सार्जंट यांना गवसली. १९७० च्या दशकात त्याच खोऱ्यात जोकॅसी धरण झालं आणि शॉर्टियाच्या ताटव्यांचा मोठा भाग पाण्याखाली गेला.

ही गोष्ट एवढ्यावर थांबली असती तर ती एका हट्टी माणसाची गोष्ट ठरली असती. पण या चाळीस वर्षांच्या मधोमध ग्रे यांच्या टेबलावर जपानचे नमुने येऊन पडले. १८५० च्या दशकात अमेरिकन जहाजं जपानला गेली. त्यांतल्या एका मोहिमेवर चार्ल्स राइट हे संग्राहक होते आणि त्यांनी पाठवलेले गठ्ठे हार्वर्डला ग्रे यांच्याकडे आले. स्वतः ग्रे जपानला कधी गेले नाहीत. गठ्ठे सोडताना त्यांना ओळखीची झाडं भेटत गेली : आपल्या अंगणातल्याच प्रजाती, जाती तेवढ्या थोड्या निराळ्या. कॅरोलिनात हरवलेल्या शॉर्टियाचा जवळचा नातलगही जपानच्या डोंगरात निघाला.

१८५९ मध्ये ग्रे यांनी यावर प्रबंध प्रसिद्ध केला. हार्वर्डमधलेच लुई अगासी हे तेव्हाचे वजनदार शास्त्रज्ञ. त्यांचं मत असं, की प्रत्येक जात जिथे आहे तिथेच स्वतंत्रपणे निर्माण झाली. ग्रे यांनी उलट बाजू मांडली : दोन्हीकडच्या जातींचे पूर्वज एकच होते, रान एकसंध होतं, ते नंतर तुटलं. डार्विन यांनी १८५७ मध्येच पत्रातून नैसर्गिक निवडीची रूपरेषा ग्रे यांना कळवली होती, त्यामुळे त्यांच्या हातात एक विचारही होता आणि पुरावाही.

रान तुटलं कसं? मला या सगळ्यात सर्वात आवडणारा भाग हाच आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वी पृथ्वी आजच्यापेक्षा बरीच उबदार होती. कॅनडाच्या उत्तर टोकाला, ८० अक्षांशाजवळच्या अ‍ॅक्सेल हायबर्ग बेटावर आज झाड उगवत नाही. तिथे त्या काळचे बुंधे सापडतात आणि त्यांचं लाकूड अजून लाकूडच आहे, दगड झालेलं नाही. त्यांत मेटासेक्वोया हा पानझडी सूचिपर्णी वृक्ष आहे. अशी रानं आर्क्टिकभोवती पसरलेली होती. आशिया आणि अमेरिका बेरिंगपाशी, म्हणजे आज सायबेरिया आणि अलास्का यांच्यामध्ये समुद्र आहे तिथे, जमिनीने जोडलेले होते, युरोपकडूनही ग्रीनलंडमार्गे वाट होती.

मग पृथ्वी थंड होत गेली, लाखो वर्षांच्या चढउतारांनी. झाडं जागची हलत नाहीत, पण रान हलतं. उत्तरेच्या कडेला पडलेलं बी थंडीने रुजत नाही, दक्षिणेच्या कडेला पडलेलं रुजतं. अशा हजारो पिढ्या गेल्या की अख्खा पट्टा दक्षिणेला सरकलेला असतो. पण दक्षिणेला प्रत्येक ठिकाणी सारखी जागा नव्हती. युरोपात आल्प्स आणि पिरेनीज पूर्व-पश्चिम आडवे उभे, त्यांच्या पलीकडे भूमध्य समुद्र. मॅग्नोलिया आणि ट्युलिप वृक्ष युरोपातही होते, त्यांचे जीवाश्म सांगतात. ते तिथे संपले. पश्चिम अमेरिकेत डोंगर उंचावत गेले आणि उन्हाळे कोरडे होत गेले. उन्हाळी पावसावर वाढणाऱ्या पानझडी झाडांना ते झेपलं नाही. पूर्व अमेरिकेत मात्र मेक्सिकोच्या आखातावरून उन्हाळ्यातही बाष्प येतं आणि अ‍ॅपलाचियन डोंगर उत्तर-दक्षिण असल्याने दऱ्यांमधून दक्षिणेची वाट मोकळी राहिली. पूर्व आशियात मोसमी पाऊस होता आणि बर्फाची अफाट चादर तिथे पसरलीच नाही. चार तुकड्यांपैकी दोन तगले, म्हणून आज न्यूयॉर्कचं रान जपानशी जुळतं.

ग्रे यांचं गणित बहुतांशी बरोबर ठरलं, पण एका बाबतीत ते अधिक गुंतागुंतीचं निघालं. शेवटच्या हिमयुगात समुद्र सुमारे १२० मीटर खाली गेला आणि बेरिंगची जमीन पुन्हा उघडी पडली. त्या वेळी ती गवताळ, गारठलेली होती, मॅग्नोलियाच्या उपयोगाची नव्हती. उबदार रानांची ताटातूट त्याच्या कितीतरी आधीची. ती किती आधीची, हे हरितलवकांच्या (पानाच्या पेशींतल्या हिरव्या कणांच्या) डीएनएवरून काढता येतं. एकाच पूर्वजापासून निघालेल्या दोन शाखांमध्ये काळाबरोबर बदल साठत जातात. त्यांचा सरासरी वेग जीवाश्मांच्या वयावरून ठरवला की दोघांमधल्या फरकावरून वेगळं झाल्याचा काळ निघतो. ट्युलिप वृक्षासाठी असं एक उत्तर एक ते १.६ कोटी वर्षं आलं. इतर प्रजातींची उत्तरं वेगवेगळी येतात, काही फार जुनी, काही बरीच अलीकडची. म्हणजे ताटातूट एकदाच झाली नाही. वेगवेगळ्या झाडांसाठी, वेगवेगळ्या वेळी, कधी बेरिंगकडे तर कधी अटलांटिकच्या बाजूने ती होत राहिली. आणि एवढ्या काळानंतरही चिनी व अमेरिकन ट्युलिप वृक्षांचा संकर केला तर जोमदार झाड येतं.

या मांडणीला सर्वात सुंदर दुजोरा मेटासेक्वोयाने दिला. शिगेरू मिकी या जपानी वनस्पतिशास्त्रज्ञांनी १९४१ मध्ये ही प्रजाती केवळ जीवाश्मांवरून ओळखली. त्याच दशकात चीनमध्ये तिची जिवंत झाडं सापडली आणि १९४८ मध्ये तिचं वर्णन प्रसिद्ध झालं. अमेरिकेत ती कोट्यवधी वर्षं वाढून नाहीशी झाली होती. आज तिथल्या बागांमध्ये दिसते ती चीनहून आणलेल्या बियांची.

हा इतिहास संपलेला नाही, हे टोरेया दाखवतो. जॉन टॉरी यांच्या नावाचा हा सूचिपर्णी वृक्ष, त्याचे नातलग कॅलिफोर्निया, चीन आणि जपानमध्ये. फ्लोरिडातली जात मात्र अपलाचिकोला नदीकाठच्या चिंचोळ्या पट्ट्यात अडकून आहे. विसाव्या शतकाच्या मध्यापासून बुरशीच्या रोगाने तिची मोठी झाडं मरत गेली. बऱ्याच जणांचा तर्क असा, की हिमयुगाच्या थंडीत ती दक्षिणेला आली आणि हवामान पुन्हा उबदार झाल्यावर तिला उत्तरेला परतता आलं नाही. म्हणून काही हौशी लोकांनी २००८ मध्ये तिची रोपं नॉर्थ कॅरोलिनाच्या डोंगरात लावली. यावर शास्त्रज्ञांमध्ये कडाक्याचा वाद आहे. आपण हलवलेलं झाड नव्या जागी उपद्रवी ठरेल किंवा रोगही सोबत नेईल, ही भीती खोटी नाही. तरीही मला ती रोपं लावणं योग्य वाटतं. पूर्वी रान सरकायला लाखो वर्षं मिळाली होती. आता हवामान काही दशकांत बदलतं आहे, आणि टोरेयाचं जड बी स्वतःहून एवढं अंतर कापणार नाही.