चुस लाम्प्रेआवे

चुस लाम्प्रेआवे (११ डिसेंबर १९३० – ४ एप्रिल २०१६) ही स्पॅनिश सिनेमा आणि टीव्हीवरची चरित्र अभिनेत्री, जन्म माद्रिदचा, पूर्ण नाव मारिया हेसूस लाम्प्रेआवे पेरेझ. लीड रोल तिच्या वाट्याला जवळपास आलेच नाहीत. आजी, मावशी, नन, बिल्डिंगची केअरटेकर बाई, असलेच रोल, कधी कधी तर दोन-तीन मिनिटांचे, पण पिक्चर संपल्यावर लोक तिचेच डायलॉग म्हणत बाहेर पडायचे.

खरं तर तिला व्हायचं होतं चित्रकार. माद्रिदच्या सान फर्नांदो अकादमीत ती पेंटिंग शिकली, अभिनयाचं वेड असं काही नव्हतं. स्पेनमध्ये टीव्ही नुकता सुरू झाला होता तेव्हा हाइमे दे आर्मिन्यान या लेखक-दिग्दर्शकाने तिला छोटी कामं दिली आणि तिथून ती या लाइनमध्ये आली. मग दिग्दर्शक मार्को फेरेरीच्या 'एल कोचेसितो' (१९६०) मध्ये आणि दिग्दर्शक बेर्लांगाच्या 'एल वेर्दुगो' (१९६३) मध्ये लहान रोल, हे दोन्ही पिक्चर आज स्पॅनिश सिनेमाचे क्लासिक मानले जातात, पण त्या वेळी चुसला ओळखणारे लोक कमीच होते. पुढची वीसेक वर्षं अशीच, मिळेल ते काम थोडंथोडं करत गेली.

लोकांच्या नजरेत ती भरली पेद्रो आल्मोदोवार या स्पॅनिश दिग्दर्शकामुळे. 'एंत्रे तिनिएब्लास' (१९८३) मध्ये ती नन आहे, आणि ही नन गुपचूप टोपणनावाने सनसनाटी कादंबऱ्या लिहिते. पुढच्याच वर्षी 'के ए एचो यो पारा मेरेसेर एस्तो' मधली आजी, आणि माझ्या मते हे तिचं सगळ्यात भारी काम. माद्रिदच्या हायवेला लागून असलेल्या अंधाऱ्या फ्लॅटमध्ये मुलगा, सून आणि नातवांसोबत राहणारी, खाण्यापिण्याच्या वस्तू कुलपात ठेवून घरच्यांनाच विकणारी, बागेत सापडलेला सरडा पाळून त्याचं नाव 'पैसा' ठेवणारी, आणि मनात सतत एकच, गावी परत जायचंय. सून झालेली कार्मेन मौरा तिच्यापेक्षा जेमतेम १५ वर्षांनी लहान होती, पण पडद्यावर ते जाणवतही नाही.

'मुखेरेस आल बोर्दे दे उन आताके दे नेर्विओस' (१९८८) मधली केअरटेकर तर स्पेनमध्ये कुणालाही विचारा. ती यहोवाज विटनेस या ख्रिस्ती पंथाची, धर्मात खोटं बोलायची परवानगी नाही, म्हणून विचारेल त्याला सगळं खरं खरं सांगून टाकते, त्यात कुणाचं काय बिघडतं याची तिला फिकीर नाही. चुसची खासियत इथेच दिसते. जाड भिंगांचा चष्मा, बारीक चिरका आवाज, आणि कितीही विचित्र वाक्य असलं तरी ते पूर्ण गंभीरपणे बोलायचं, हसवायचा प्रयत्न अजिबात करायचा नाही. विनोदी नट बऱ्याचदा प्रेक्षकाला खुणावतात की आता हसा, तिने ते केलं नाही, म्हणून तिची माणसं चक्रम असूनही शेजारच्या घरातली वाटतात. 'ला फ्लोर दे मी सेक्रेतो' (१९९५) मधली आई बघा, मुलीशी (हा रोल रोसी दे पाल्माचा) तिची दिवसभर भांडणं चालू असतात आणि तरीही त्यातलं प्रेम कळतं.

ती फक्त आल्मोदोवारचीच असं म्हणणं मात्र बरोबर नाही. फर्नांदो त्रुएबाच्या 'बेल एपोक' (१९९२) मधल्या कट्टर धार्मिक, राजेशाहीवादी आईच्या रोलसाठी तिला सहायक अभिनेत्रीचा गोया पुरस्कार (स्पेनचा मोठा सिनेमा पुरस्कार) मिळाला, आणि याच पिक्चरने पुढे परदेशी भाषेतल्या चित्रपटाचं ऑस्कर घेतलं. टीव्हीवर १९९० च्या 'एवा इ आदान, आखेन्सिया मात्रिमोनियाल' या सिरीजमध्ये ती वेरोनिका फोर्केसोबत होती. सांतियागो सेगुराच्या 'तोरेंते' (१९९८) मुळे नवीन पिढीलाही ती माहीत झाली.

२००६ मध्ये 'वोल्वेर' साठी कान फेस्टिवलने बेस्ट अॅक्ट्रेसचा पुरस्कार एकीला न देता पिक्चरमधल्या सहाजणींना मिळून दिला, त्यात पेनेलोपे क्रूझ आणि कार्मेन मौरासोबत म्हाताऱ्या पाउला मावशीचा छोटासा रोल करणारी चुसही होती. त्यानंतरही ती काम करत राहिली, 'लोस आब्राझोस रोतोस' (२००९) मध्ये पुन्हा केअरटेकर, मग त्रुएबाच्या 'एल आर्तिस्ता इ ला मोदेलो' (२०१२) मध्ये घरकाम करणारी बाई. वयाच्या ८५ व्या वर्षी दक्षिण स्पेनमधल्या आल्मेरिया भागात ती वारली.