इन्सिडेंट कमांडर हे पद आले कुठून?

मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली आणि तोवर फारसे कुणी न ऐकलेले एक पदनाम तालुक्यापर्यंत पोहोचले. केंद्रीय गृह मंत्रालयाच्या आदेशानुसार जिल्हाधिकाऱ्यांनी कार्यकारी दंडाधिकाऱ्यांना आपापल्या हद्दीत ‘इन्सिडेंट कमांडर’ नेमायचे होते. इतर खात्यांच्या अधिकाऱ्यांनी त्यांच्याच निर्देशांनुसार काम करायचे आणि अत्यावश्यक प्रवासाचे पासही त्यांनीच द्यायचे, असे ठरले.

या पदाचे मूळ कॅलिफोर्नियातल्या वणव्यांत आहे. १९७० च्या शरद ऋतूत तिथे तेरा दिवसांत १६ जणांचा जीव गेला, ७०० हून अधिक इमारती जळाल्या आणि पाच लाख एकरांवर जमीन होरपळली. माणसे आणि बंब अनेक यंत्रणांचे आले होते. पण प्रत्येकाची वायरलेस यंत्रणा वेगळी, एकाच गोष्टीला नावे वेगवेगळी आणि हुकूम कोणाचा मानायचा याचा पत्ता नाही. साधनांच्या तुटवड्याइतकाच हा गोंधळही जिवावर बेतला. त्यानंतर अमेरिकी वनसेवा आणि कॅलिफोर्नियातल्या अग्निशमन यंत्रणांनी ‘फायरस्कोप’ हा संयुक्त उपक्रम हाती घेतला आणि त्यातून इन्सिडेंट कमांड सिस्टिम घडली.

तिचा गाभा साधा आहे. प्रत्येकाचा वरिष्ठ एकच. आणि एकाच्या हाताखाली थेट तीन ते सात माणसे, शक्यतो पाच. उद्दिष्टे कमांडर ठरवतो. प्रत्यक्ष कारवाई, नियोजन आणि रसद यांसाठी वेगळे प्रमुख असतात. आपल्याच माणसांच्या जिवाची काळजी घेणारा सुरक्षा अधिकारी थेट कमांडरशी बोलतो, आणि धोका दिसला तर काम जागीच थांबवू शकतो. मला ही तरतूद सर्वांत मोलाची वाटते.

११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यांनंतर अमेरिकेने ही पद्धत देशभर लागू केली. आपल्याकडे २००५ चा आपत्ती व्यवस्थापन कायदा झाला आणि २०१० मध्ये राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाने ‘इन्सिडेंट रिस्पॉन्स सिस्टिम’ची मार्गदर्शक तत्त्वे दिली. भारतीय रूपात कमांडरच्या वर ‘जबाबदार अधिकारी’ आहे. जिल्ह्यात ते जिल्हाधिकारी असतात.

हुद्द्याची उतरंड मानणाऱ्या आपल्या प्रशासनाला यातली एक गोष्ट अजून जड जाते. मूळ पद्धतीत घटनास्थळी प्रथम पोहोचलेला माणूस सूत्रे हाती घेतो. नंतर मोठा अधिकारी आला म्हणून ती आपोआप त्याच्याकडे जात नाहीत. आधी परिस्थितीची पूर्ण माहिती द्यावी लागते आणि कमांड कोणाकडे गेली हे सर्वांना कळवावे लागते.