सेंटरची कारकीर्द आणि २००१ चा निर्णय

१९९३-९४ च्या हंगामात अमेरिकन व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये (एनबीए) सरासरी गुणांच्या यादीत पहिले तिघेही सेंटर होते, म्हणजे रिंगजवळ खेळणारे, बहुधा संघातले सर्वात उंच खेळाडू. सॅन अँटोनियोचा २९.८, ऑरलँडोचा २९.३ आणि ह्युस्टनचा २७.३. पहिल्या दोघांतली चुरस हंगामाच्या शेवटच्या दिवशी मिटली, कारण सॅन अँटोनियोच्या सेंटरनं त्या एका सामन्यात ७१ गुण काढले. ह्युस्टनच्या सेंटरनं त्याच हंगामात वर्षाचा सर्वोत्कृष्ट खेळाडू, सर्वोत्कृष्ट बचावपटू आणि अंतिम मालिकेचा मानकरी हे तिन्ही किताब घेतले, आणि विजेतेपदही ह्युस्टनलाच गेलं. त्या काळी ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, पहिला नंबर लागला आणि यादीत धडधाकट सात फुटी मुलगा असला, की दुसऱ्या कुणाचं नाव निघत नसे.

२००० मध्ये लॉस एंजेलिसच्या सेंटरला वर्षाच्या सर्वोत्कृष्ट खेळाडूचा मान मिळाला. त्यानंतर सेंटर म्हणून खेळणाऱ्याला तो मिळायला २०२१ उजाडलं. या एकवीस वर्षांत काय झालं, असं विचारलं की ठरलेलं उत्तर येतं: थ्री-पॉइंट, म्हणजे लांबून मारलेला तीन गुणांचा नेम. ते उत्तर अर्धवट आहे. थ्री-पॉइंटची रेषा १९७९ मध्येच मैदानावर आखली गेली होती. पुढची वीस वर्षं ती रेषाही होती आणि सेंटरही जोरात होता. वर सांगितलेला १९९३-९४ चा हंगाम त्या वीस वर्षांतलाच. त्यामुळे कारण शोधायचं तर १९७९ पेक्षा २००१ कडे पाहावं लागतं, आणि त्या वर्षी बचावाचे नियम बदलण्याच्या निर्णयाबद्दल हवी तेवढी चर्चा कधी झालेलीच नाही.

त्याआधीचा इतिहास थोडक्यात. उंच माणसाला आवर घालण्यासाठी नियम बदलायचे, ही या खेळाची जुनी खोड आहे. १९३७ पर्यंत प्रत्येक बास्केटनंतर मैदानाच्या मधोमध चेंडू उडवला जायचा, म्हणजे ज्याच्याकडे उंच सेंटर त्याच्याकडेच पुन्हा चेंडू. ते बंद झालं. मग हे उंच लोक रिंगवर पोचलेला चेंडू हातानं बाहेर काढू लागले, म्हणून १९४४ मध्ये कॉलेज बास्केटबॉलनं गोलटेंडिंगवर बंदी घातली. मिनियापोलिसच्या सेंटरला रिंगपासून लांब ढकलण्यासाठी १९५१ मध्ये व्यावसायिक लीगनं पेंटची, म्हणजे रिंगसमोरच्या रंगवलेल्या पट्ट्याची, रुंदी ६ फुटांवरून १२ केली. तेवढ्यानं भागलं नाही म्हणून १९६४ मध्ये ती १६ फूट झाली. मधल्या काळातला, हर्शी गावी एका सेंटरनं एकट्यानं १०० गुण काढले तो सामना सगळ्यांना पाठ आहे, त्याबद्दल वेगळं लिहीत नाही. १९६७ मध्ये कॉलेज पातळीवर डंकच (उडी मारून चेंडू वरून रिंगमध्ये कोंबणं) बंद केला गेला, आणि ती बंदी १९७६ पर्यंत टिकली. तिचा रोख ज्याच्यावर होता असं मानलं जातं, त्या लॉस एंजेलिसच्या कॉलेज सेंटरनं त्या काळात आपला हुक (डोक्यावरून हात फिरवून मारलेला एकहाती नेम) घासून घासून असा धारदार केला की पुढे २० व्यावसायिक हंगामांत त्यानं ३८,३८७ गुण जमवले. तो विक्रम २०२३ पर्यंत अबाधित राहिला. एवढ्या गुणांत थ्री-पॉइंट होता फक्त एक.

हे सगळे बदल सेंटरच्या अंगाशी संबंधित होते. कुठे उभं राहायचं, हात कुठवर न्यायचा, एवढंच ते सांगत. त्यावर सराव हे उत्तर होतं आणि सेंटरनी ते दर वेळी दिलं. २००१ चा बदल वेगळ्या जातीचा होता. त्यानं सेंटरला हात लावला नाही, त्याच्या आजूबाजूच्या चार बचावपटूंना मोकळं सोडलं.

झालं असं. लीगनं अगदी पहिल्याच हंगामात, जानेवारी १९४७ मध्ये, झोन डिफेन्सवर बंदी घातली होती. बचाव करायचा तो माणसामागे माणूस लावून. जागा धरून बसायचं नाही. कागदावर हे सोपं दिसतं, पण आपला माणूस सोडून दोन पावलं आत सरकलेला बचावपटू झोन खेळतोय की फक्त मदतीला येतोय, हे ठरवणं पंचांना कठीण. म्हणून १९८० च्या दशकात ‘इलीगल डिफेन्स’ नावाचं एक किचकट प्रकरण तयार झालं. मैदानाचे काल्पनिक भाग पाडले गेले. तुमचा माणूस अमुक भागात असेल तर तुम्ही तमुक भागापर्यंतच आत येऊ शकता, आणि दुहेरी पहारा द्यायचा असेल तर ज्याच्याकडे चेंडू आहे त्याच्यावर सरळ चालून जायचं. अर्ध्या वाटेत रेंगाळणं हा गुन्हा. पहिल्यांदा ताकीद, त्यानंतर दर वेळी टेक्निकल फ्री थ्रो, म्हणजे समोरच्यांना एक बिनअडथळ्याचा नेम. हे नियम प्रेक्षकांना कधीच नीट कळले नाहीत आणि पंचांनाही ते दर रात्री सारखेच कळत होते असं म्हणवत नाही.

पण या किचकटपणाचा खरा लाभार्थी सेंटर होता. प्रशिक्षक तीन खेळाडूंना दुसऱ्या बाजूला लांब नेऊन उभं करत. नियमामुळे त्यांचे बचावपटूही त्यांच्याबरोबर लांबच अडकत. उरलेल्या मोकळ्या बाजूला सेंटर रिंगकडे पाठ करून जागा धरायचा, गार्ड (बाहेरून चेंडू खेळवणारा खेळाडू) त्याला चेंडू पोचवायचा, आणि पुढचे काही सेकंद एकास एक. दुसरा पहारेकरी आलाच तर तो येताना लांबून दिसायचा, त्यामुळे कोण मोकळा सुटलाय हे सेंटरला आधीच कळायचं. ड्रॉप-स्टेप, बेबी हुक, अप-अँड-अंडर, खांद्याची हुलकावणी ही सगळी कला या मोकळ्या बाजूवर वाढली. पंधराव्या-सोळाव्या वर्षापासून पायांचं काम शिकायचं आणि तिशीपर्यंत त्यावर खायचं, अशी सेंटरची कारकीर्द ठरून गेली होती. गुडघे आणि पावलांनी साथ दिली तर, हे अर्थात गृहीत. कित्येकांना त्यांनी दिली नाही.

१९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात गुण आटायला लागले. मालक-खेळाडूंच्या वादातल्या लॉकआउटमुळे छोटा झालेल्या १९९८-९९ च्या हंगामात संघाची सरासरी ९१.६ वर आली. खेळ कंटाळवाणा झालाय, दोघं खेळतात आणि आठ जण बघतात, अशी ओरड सुरू झाली. ती खोटी नव्हती. १९९९ मध्ये एक चाचपणी झाली: फ्री थ्रो रेषेच्या खालच्या भागात रिंगकडे पाठ करून पाच सेकंदांपेक्षा जास्त वेळ ढकलत राहता येणार नाही, असा नियम आला. तो एका जाडजूड फॉरवर्डच्या नावानं ओळखला जातो, पण झळ सेंटरनाही बसली. मग २००१ मध्ये एका समितीनं शिफारस केली, संघमालकांच्या मंडळानं ती मंजूर केली आणि २००१-०२ पासून इलीगल डिफेन्स हे कलमच गेलं. झोन खुला झाला. मोबदल्यात बचावासाठी तीन सेकंदांचा नियम आला: हाताच्या अंतरावर कुणी प्रतिस्पर्धी नसेल तर बचावपटूनं पेंटमध्ये तीन सेकंदांपेक्षा जास्त थांबायचं नाही, नाहीतर एक फ्री थ्रो आणि चेंडूही समोरच्यांकडे.

विरोध झाला. बरेच प्रशिक्षक आणि खेळाडू म्हणत होते की आधीच गुण कमी, त्यात झोन म्हणजे ते आणखी घटतील. समर्थक म्हणत होते की चेंडू हलेल, पास वाढतील, बाहेरून नेम असणाऱ्याला किंमत येईल. दीर्घकाळात समर्थकांचं खरं ठरलं. पण या वादात सेंटरचं काय होणार, हा प्रश्न जवळजवळ कुणी मांडला नाही. त्याला कारणही होतं. लॉस एंजेलिसचा तो अवाढव्य सेंटर, २००० चा मानकरी, नव्या नियमांच्या पहिल्या हंगामातही २७.२ च्या सरासरीनं खेळला, आदल्या हंगामापेक्षा जेमतेम दीड गुणानं कमी, आणि सलग तिसऱ्यांदा विजेतेपद व अंतिम मालिकेचा मानकरी हे दोन्ही घेऊन गेला. झोन आला तरी याला काही झालं नाही, मग काळजी कसली? लीगमधल्या सगळ्यात ताकदवान माणसावरून बाकीच्यांचा अंदाज बांधला गेला. माझ्या मते ती त्या वर्षातली सर्वात मोठी दिशाभूल होती.

परिणाम दिसला तो पुढच्या पिढीत. आता एक बचावपटू सेंटरच्या पुढ्यात उभा राहून पास अडवू शकत होता आणि दुसरा, आपला माणूस वाऱ्यावर सोडून, मागून उंच पास झेलायला आत सरकू शकत होता. सेंटरपर्यंत चेंडू पोचवण्यातच शॉट क्लॉकचे, म्हणजे नेम मारायला मिळणाऱ्या वेळातले, सात-आठ सेकंद जाऊ लागले. त्यात त्या तीन सेकंदांच्या नियमाला एक विचित्र शेपूट आहे. आक्रमणातला सेंटर पेंटच्या कडेला ठाण मांडून बसला की त्याचा बचावपटू हाताच्या अंतरावरच असतो. म्हणजे त्याला तीन सेकंदांचं बंधन लागू होत नाही, आणि रिंगच्या तोंडाशी उभं राहायचा परवानाच मिळतो. गार्ड आत घुसायला गेला की समोर ती भिंत. थोडक्यात, जुन्या पद्धतीचा सेंटर आपल्याच संघाची वाट अडवायला लागला. २००४ मध्ये बाहेरच्या खेळाडूंवर हात ठेवून बचाव करण्याबाबत पंच कडक झाले, गार्ड आणखी सुसाट झाले, आणि आत उभ्या असलेल्या सेंटरची अडचण आणखी जाणवू लागली. त्याला बाहेर काढा, स्क्रीन लावून (गार्डच्या बचावपटूची वाट अडवून) रिंगकडे धावू द्या, किंवा थ्री मारायला शिकवा, हेच पर्याय उरले. थ्री-पॉइंटची लाट इथून पुढची. २००१-०२ मध्ये संघ सामन्याला थ्रीचे सरासरी १४.७ प्रयत्न करत होता, २०२४-२५ मध्ये हा आकडा ३७ च्या पुढे गेला.

यात कारकिर्दी कशा उलटसुलट झाल्या ते दोन उदाहरणांतून दिसतं. इंडियानाचा ७ फूट २ इंची सेंटर २०१२ आणि २०१४ मध्ये ऑल-स्टार (निवडक खेळाडूंच्या वार्षिक सामन्यात) होता, २०१४ मध्ये सर्वोत्कृष्ट बचावपटूच्या मतदानात दुसरा. २०१७ नंतर तो लीगमध्ये दिसला नाही. दुसरा २००८ मध्ये आलेला, पाठ करून खेळणारा अस्सल जुन्या वळणाचा सेंटर. पहिल्या आठ हंगामांत त्यानं मिळून ३१ थ्री मारले, त्यातले ३ पडले. नवव्या हंगामात ३८७ मारले आणि त्यातले १३४ पडले. २०२१ मध्ये तो मिल्वॉकीच्या विजेत्या संघात होता. अठ्ठाविसाव्या वर्षी धंदा बदलून त्यात टिकणं सोपं नाही. त्याचं हवं तितकं कौतुक झालेलं नाही.

२०२१ मध्ये ज्या सेंटरनं दुष्काळ संपवला तो सर्बियाचा. २०१४ च्या ड्राफ्टमध्ये ४१ वा, म्हणजे कुणाच्याच खिजगणतीत नसलेला. आंतरराष्ट्रीय नियमांत झोनवर बंदी नव्हती. तिथला पेंट १९५६ पासून २०१० पर्यंत खाली फाकलेल्या आकाराचा होता, त्यामुळे सेंटरला रिंगपासून लांबच उभं राहावं लागे. तिथल्या सेंटरना पास आणि लांबचा नेम हे आधीपासूनच पोटापाण्याचे विषय होते. अमेरिकेनं २००१ मध्ये नियम तिकडे झुकवले आणि फळ वीस वर्षांनी तिकडच्याच माणसानं तोडलं. दरम्यान फिलाडेल्फियाच्या कॅमेरूनी सेंटरनं २०२१-२२ मध्ये सरासरी गुणांत पहिला क्रमांक काढला, २००० नंतर असं करणारा तो पहिलाच सेंटर.

कागदावरूनही हे स्थान पुसलं गेलं. २०१२ मध्ये ऑल-स्टारच्या मतपत्रिकेतून सेंटरचा रकाना काढून सगळ्यांना फ्रंटकोर्टमध्ये, म्हणजे फॉरवर्डबरोबर एकाच गटात, ढकललं. वर्षाच्या सर्वोत्तम संघांत (हंगामातले सर्वोत्तम खेळाडू निवडून केलेले कागदी संघ) मात्र तो २०२३ पर्यंत राहिला, आणि त्यामुळे एक गंमत झाली: फिलाडेल्फियाचा सेंटर २०२१ आणि २०२२ मध्ये सर्वोत्कृष्ट खेळाडूच्या मतदानात दुसरा, पण सेंटरची जागा एकच असल्यानं वर्षाच्या संघांत दुय्यम संघात. मोठ्या कराराची पात्रता या संघांशी जोडलेली असल्यामुळे प्रश्न मानापुरता नव्हता. २०२३-२४ पासून तिथलाही रकाना गेला.

आणि आता वारं पुन्हा फिरतंय. २०२५ मध्ये विजेत्या ओक्लाहोमा सिटीकडे सात फुटांची जोडी होती. त्याच वर्षी ह्युस्टननं दोन सेंटर एकत्र उतरवले आणि त्यांच्या भोवती खेळवला तो झोनच.